दुर्गा खोटे: ‘चांगल्या घरातली मुलगी’ या ओळीच्या पलीकडे

प्रश्न नाट्यशास्त्र शिकणाऱ्या एका मुलीचा आहे: ‘दुर्गा खोटे यांच्याविषयी कुठेही वाचा, एकच ओळ सापडते. घरंदाज घरातली शिकलेली मुलगी सिनेमात आली आणि बायकांना वाट मोकळी झाली. पण अभिनेत्री म्हणून त्या किती मोठ्या होत्या? नाटक आणि सिनेमा दोन्ही त्यांनी कसं सांभाळलं? मी नाटक करते, मला कॅमेऱ्यासमोरही उभं राहायचंय. त्यांच्याकडून मी काय घेऊ?’

तुझा प्रश्न वाचून मला मनापासून बरं वाटलं. पस्तीस वर्षं मी नाटकं बसवतेय, मुलांना शिकवतेय, आणि या एका ओळीशी माझं जुनं भांडण आहे. ओळ खोटी नाही, पण तिने दोन अन्याय होतात. पहिला अन्याय दुर्गाबाईंच्या आधी आलेल्या बायकांवर. 1913 मध्ये फाळक्यांच्या ‘मोहिनी भस्मासुर’मध्ये दुर्गाबाई कामत आणि त्यांची लेक कमलाबाई उभ्या राहिल्या. त्यांच्यानंतर कलावंत घराण्यातल्या, ज्यू आणि अँग्लो-इंडियन घरांतल्या कितीतरी मुलींनी मूकपट अंगावर पेलला. त्या काही ‘वाईट घरातल्या’ नव्हत्या. दुसरा अन्याय खुद्द दुर्गा खोट्यांवर. पन्नासहून जास्त वर्षं आणि सुमारे 200 चित्रपट केलेल्या बाईचं कौतुक तिच्या आडनावासाठी होत राहिलं, तर तिच्या कामाकडे बघायचं कोणी?

तरी घराबद्दल थोडं सांगायलाच हवं, कारण त्यांच्या अभिनयातल्या काही गोष्टी तिथूनच आल्या आहेत. जन्म 14 जानेवारी 1905 चा. माहेरचं नाव विठा लाड. घराणं मूळचं गोव्याचं, घरात बोलणं कोकणीत. वडील पांडुरंग लाड मुंबईतले नावाजलेले सॉलिसिटर. बालपण गिरगावातल्या कांदेवाडीत, भल्यामोठ्या एकत्र कुटुंबात गेलं. शाळा कॅथेड्रल, कॉलेज सेंट झेवियर्स. म्हणजे घरात कोकणी, वर्गात इंग्रजी, दाराबाहेर गिरगावची मराठी, आणि पुढे पोट भरलं ते बरंचसं हिंदीने. शिकत असतानाच तशाच श्रीमंत खोटे कुटुंबात लग्न झालं. पण सासरचं वैभव ओसरलं आणि बकुळ आणि हरिन हे दोन मुलगे पदरात असताना स्वतः कमवायची वेळ आली. आधी त्यांनी शिकवण्या केल्या. सिनेमा त्यानंतरचा.

हे लक्षात ठेव. ‘कलेच्या ओढीने’ वगैरे काही झालेलं नाही. घर चालवायला पैसे हवे होते म्हणून त्या आल्या. माझ्या वर्गात हे सांगितलं की काही मुलांचे चेहरे उतरतात, त्यांना साधना, तपश्चर्या असं काहीतरी ऐकायचं असतं. मला मात्र ही गोष्ट फार मोलाची वाटते, कारण कामाला काम मानण्याची त्यांची शिस्त इथूनच सुरू होते.

पहिलं काम फसलं. 1931 मध्ये दिग्दर्शक मोहन भवनानींच्या ‘फरेबी जाल’मध्ये एक छोटी भूमिका मिळाली. बाकीचा चित्रपट कसा आहे याची त्यांना कल्पनाच नव्हती. जाहिरातीत मात्र लाडांची लेक आणि खोट्यांची सून हेच ठळक छापलं गेलं. चित्रपट लागल्यावर समाजाने दोन्ही घराण्यांना बोल लावले. पहिल्याच कामात एवढी बेअब्रू झाल्यावर पुन्हा स्टुडिओची पायरी चढायला काय लागत असेल, याचा विचार कर. व्ही. शांताराम विचारायला आले तेव्हा त्या कचरल्या त्यात नवल नाही. पण त्या कोल्हापूरला गेल्या, आणि 1932 मध्ये ‘प्रभात’ फिल्म कंपनीचा ‘अयोध्येचा राजा’ आला. मराठी बोलपटांमधला आज पाहायला मिळणारा सर्वांत जुना तोच.

इथे मी जरा थांबणार आहे. एकोणीस वर्षांपूर्वी फाळक्यांनी ‘राजा हरिश्चंद्र’ केला, तेव्हा तारामतीच्या भूमिकेला बाई मिळाली नव्हती. अण्णा साळुंके या पुरुषाने ती केली. 1932 मध्येही मराठी रंगभूमीवर बालगंधर्वांचं स्त्रीरूप हेच स्त्रीच्या चालण्या-बोलण्याचं प्रमाण मानलं जात होतं. त्यामुळे बाईने बाईचं काम करायचं म्हणजे तरी काय करायचं, याचा नमुना समोर नव्हता. नाटकातल्या नायिकेसारखं लाजणं-मुरडणं उचललं असतं, तर प्रेक्षकाला ते ओळखीचंच वाटलं असतं. दुर्गाबाईंनी ते उचललं नाही. त्या सरळ उभ्या राहिल्या.

चित्रपट मिळवून पाहा. आमच्या वर्गात तो लावला की पहिली पाच मिनिटं मुलं हसतात, कारण बोलणं लांबवलेलं आणि हेल नाटकी वाटतो. मग हळूहळू शांतता होते. राणी असलेली तारामती आणि काशीच्या बाजारात विकली गेलेली तारामती या दोघींच्या पाठीच्या कण्याकडे बघायला मी सांगते. कपडे बदलतात, दागिने जातात, कणा तसाच राहतो. हे शिकवून येत नाही असं लोक म्हणतात. मला ते अर्धंच पटतं. उंची आणि बांधा निसर्गाने दिला होता हे खरं, पण दुःखाच्या प्रसंगात खांदे न पाडणं हा नटीने घेतलेला निर्णय असतो.

तांत्रिक अडचणीही समजून घे. पार्श्वगायनाची सोय तेव्हा नव्हती. ती 1935 मध्ये कलकत्त्याच्या न्यू थिएटर्स या चित्रपट कंपनीने आणली. म्हणजे गाणं कॅमेऱ्यासमोरच गायचं, वादक चौकटीबाहेर बसलेले, मायक्रोफोन ठरलेल्या जागी, आणि त्याच्या टप्प्यात राहूनच चालायचं, वळायचं, रडायचं. हरिश्चंद्र झालेले गोविंदराव टेंबे स्वतःच संगीतकार होते, नाटकात मुरलेले गवई होते. त्यांच्यासमोर सत्तावीस वर्षांची, रंगभूमीचा अनुभव नसलेली बाई. गाण्यात त्या टेंब्यांच्या जवळपास जात नाहीत, हेही मोकळेपणाने सांगायला हवं. पुढे ‘प्रभात’मध्ये आलेल्या शांता आपटेंशी तुलना केली तरी दुर्गाबाईंचा गळा साधाच. आणखी एक कसरत होती. हाच चित्रपट हिंदीतही होत होता, म्हणजे तोच प्रसंग, तीच भावना, पण शब्द आणि त्यांचं वजन वेगळं. मी मुलांना हा व्यायाम देते. चार वाक्यं मराठीत बोला, लगेच हिंदीत बोला. नव्वद टक्के मुलांचा हिंदीतला चेहरा खोटा पडतो, कारण त्यांनी भावना पाठ केलेली नसते, मराठी शब्दांचा सूर पाठ केलेला असतो. तूही करून बघ.

त्याच वर्षी ‘माया मच्छिंद्र’मध्ये त्या स्त्रीराज्याच्या राणी झाल्या, सिंहासनाशेजारी पाळलेला चित्ता. आणि 1936 मध्ये ‘अमरज्योती’. तिथली सौदामिनी ही आईचा हक्क नाकारणाऱ्या कायद्याविरुद्ध उठलेली आणि समुद्रावर लूटमार करणारी बाई आहे. 1936 मध्ये! चंद्रमोहनसारखा जळजळीत डोळ्यांचा नट समोर असताना ही बाई आवाज न चढवता त्याला भारी पडते. शांतारामांच्या त्या काळातल्या चित्रपटांत प्रकाश-सावलीचा खेळ फार असतो, आणि अशा चौकटीत नट उगाच हलला तर प्रकाशातून बाहेर जातो. दुर्गाबाईंचा स्थिरपणा तिथे नुसता शोभून दिसत नाही, त्या चित्राचा खांब होतो.

आता मला सर्वांत महत्त्वाचं वाटतं ते सांगते. तेव्हाचे नट हे स्टुडिओचे पगारी नोकर असत. महिन्याचा पगार, स्टुडिओ सांगेल ते काम, दुसरीकडे जायची मुभा नाही. दुर्गाबाईंनी हे बंधन मानलं नाही. कोल्हापूरला ‘प्रभात’चं काम केलं, कलकत्त्याला जाऊन न्यू थिएटर्सचा ‘राजरानी मीरा’ (1933) केला, ईस्ट इंडिया फिल्म कंपनीचा, दिग्दर्शक देवकी बोसांचा ‘सीता’ (1934) केला, परत येऊन ‘अमरज्योती’ केला. 1937 मध्ये ‘साथी’ची निर्मितीही केली. आज आपण ज्याला फ्रीलान्स म्हणतो ते त्या तेव्हा करत होत्या, आणि तेही दोन मुलं सांभाळून, ठरलेल्या पगाराची हमी सोडून. वाट मोकळी करणं मी याला म्हणते. घराण्याचं नाव वारशाने मिळालं होतं, स्वतःच्या अटींवर काम घेण्याची रीत मात्र त्यांनी घडवली.

मला हे इतकं जवळचं का वाटतं, तेही सांगते. उमेदीच्या वर्षांत एका नाट्यसंस्थेने माझ्या चाळीस प्रयोगांची नाईट, म्हणजे प्रयोगाचं मानधन, बुडवली. कागदावर काही नव्हतं, ‘आपल्याच घरचं काम’ म्हणून मी विचारलंही नव्हतं. त्या दिवसांत मी दुर्गाबाईंचं ‘मी, दुर्गा खोटे’ हे आत्मचरित्र वाचलं. 1982 साली आलेलं हे पुस्तक शांता गोखले यांनी इंग्रजीतही नेलं. पैशाविषयी, कामाविषयी, स्वतःच्या चुकांविषयी ही बाई किती सरळ लिहिते! ते वाचून पुढच्या कामाआधी मी पहिल्यांदा मानधनाचा आकडा तोंडाने उच्चारला.

दुसरा मोठा निर्णय वयाचा. 1941 मध्ये आचार्य अत्र्यांच्या ‘पायाची दासी’त त्या सुनेला छळणारी सासू झाल्या. वनमाला सून. दुर्गाबाई तेव्हा छत्तिशीच्या होत्या, आणखी काही वर्षं नायिका म्हणून खपल्या असत्या. त्याच चित्रपटाच्या हिंदी रूपासाठी, ‘चरणों की दासी’साठी, बंगालच्या चित्रपत्रकारांच्या संघटनेने त्यांना सर्वोत्कृष्ट अभिनेत्रीचा पुरस्कार दिला. पाठोपाठ ‘भरत मिलाप’मधल्या कैकेयीसाठीही. म्हणजे सीता, तारामती झालेली बाई आता खाष्ट सासू आणि कैकेयी होते आहे, आणि लोक तिला डोक्यावर घेत आहेत. माझ्या ओळखीच्या कितीतरी उत्तम अभिनेत्री पस्तिशी ते पंचेचाळिशी या वर्षांत हरवल्या. नायिकेची कामं यायची थांबली होती आणि आईची कामं घ्यायला मन धजत नव्हतं. दुर्गाबाई त्या दरीवरून चालत गेल्या, कारण त्यांनी वय बघून भूमिका निवडली नाही, भूमिकेत निर्णय घेणारी बाई आहे का हे बघितलं. हा माझा निष्कर्ष आहे, त्यांनी तो असा कुठे मांडला म्हणून सांगत नाही. पण यादी डोळ्यांपुढे ठेव: सौदामिनी, ती सासू, कैकेयी, आणि रंगभूमीवर आनंदीबाई आणि लेडी मॅकबेथ. चांगली असो की वाईट, या प्रत्येकीच्या एका शब्दाने गोष्ट वळते.

रंगभूमीवर आता येऊ. तुला वाटत असेल की नाटक आधी आणि सिनेमा नंतर. त्यांचं उलटं झालं. पडद्यावर नाव झाल्यावर त्या नाटकाकडे वळल्या. डॉ. अ. ना. भालेराव यांनी उभ्या केलेल्या मुंबई मराठी साहित्य संघाची नाटकं गिरगावातल्या केळेवाडीत होत. लहानपणच्या कांदेवाडीपासून चालत जाण्याच्या अंतरावर. भारतभर फिरून आलेली ही बाई स्वतःच्या गल्लीशेजारी येऊन, मोठी तारका म्हणून मिरवायचं सोडून, तालमीला बसली.

खाडिलकरांच्या ‘भाऊबंदकी’त त्या आनंदीबाई झाल्या. ‘ध’चा ‘मा’ करणारी आनंदीबाई आपल्याला शाळेपासून ठाऊक असते, आणि अडचण तीच आहे. प्रेक्षक तिला दोषी ठरवूनच नाट्यगृहात येतो. अशा भूमिकेत नटीने खलनायिकेचा आव आणला की नाटक तिथेच संपतं. आनंदीबाईला स्वतःचं म्हणणं रास्त वाटतंय, राघोबा तिला कच्चा वाटतोय, हे आधी नटीला पटावं लागतं. 1954 मध्ये शिरवाडकरांनी केलेलं ‘मॅकबेथ’चं रूपांतर, ‘राजमुकुट’, साहित्य संघानेच केलं. दिग्दर्शक हर्बर्ट मार्शल, मॅकबेथच्या जागी नानासाहेब फाटक, आणि लेडी मॅकबेथच्या जागी दुर्गाबाई. नानासाहेबांचा आवाज म्हणजे काय चीज होती, हे जुन्या लोकांनी मला तासन्‌तास सांगितलंय. त्या आवाजापुढे आवाजाने जिंकता येत नाही. तिथे लागतो ताल, मध्येच घेतलेला थांबा, समोरच्याचं वाक्य संपायच्या आत बदललेली नजर. मी मुलींना लेडी मॅकबेथ आणि आनंदीबाई लागोपाठ वाचायला देते. दोघींच्या हातांवर राजरक्त आहे, दोघींचे नवरे डळमळीत आहेत, पण एकीची झोप उडते आणि दुसरीची नाही. हा फरक ज्या मुलीला आवाजातून दाखवता येतो, तिला बाकी फार शिकवावं लागत नाही.

आणि 1954 हेच ‘मिर्झा गालिब’ या चित्रपटाचंही वर्ष. एकीकडे शेवटच्या रांगेपर्यंत पोचणारी लेडी मॅकबेथ, दुसरीकडे कॅमेऱ्याजवळची एक साधी आई. तुझ्या प्रश्नाचा गाभा इथे आहे. नाटकवाल्यांना सांगितलं जातं की कॅमेऱ्यासमोर ‘कमी कर’. हा सल्ला मला अपुरा वाटतो. कमी केलं की बहुतेकांचं सगळंच विझतं, चेहरा कोरा पडतो. कमी करायची असते ती फक्त पोचवण्याची धडपड. नाटकात विचार शेवटच्या रांगेपर्यंत नेणं तुझं काम आहे, सिनेमात तो घ्यायला कॅमेरा तुझ्यापर्यंत येतो. आतला दाब तोच हवा. दुर्गाबाईंनी सुरुवात सिनेमाने केली, त्यातही मायक्रोफोनच्या टप्प्यात जखडून घेऊन केली, म्हणून जागेवर राहून आतला दाब धरायची सवय त्यांना आधी लागली आणि आवाज फेकायची नंतर. तुझं शिक्षण उलट्या क्रमाने झालंय, तेव्हा तुला पहिली सवय मुद्दाम लावून घ्यावी लागेल. रोज दहा मिनिटं खुर्चीवर बस, हात मांडीवर, एक स्वगत मनातल्या मनात पूर्ण बोल, आणि मैत्रिणीला मोबाईलवर फक्त चेहरा टिपायला सांग. नंतर आवाज नसलेला तो व्हिडिओ बघून तिला स्वगत कुठे वळलं ते ओळखता आलं पाहिजे.

‘मुघल-ए-आझम’ (1960) मधली जोधाबाई याच कारणासाठी परत परत बघावी. पृथ्वीराज कपूर अकबर. हे दोघे 1933-34 मध्ये तरुण असताना ‘राजरानी मीरा’त आणि राम-सीता म्हणून ‘सीता’त एकत्र होते. पंचवीसहून जास्त वर्षांनी ते बादशाह आणि राणी म्हणून समोरासमोर येतात. सगळ्या चित्रपटाचा सूर भव्य, संवाद नगाऱ्यासारखे. नवरा आणि मुलगा यांच्यामध्ये चिरडली जाणारी जोधा मात्र जिथे बोलत नाही तिथे जास्त दिसते. पृथ्वीराज बोलत असताना तिच्याकडे बघ. ऐकणं हाही अभिनय आहे हे आम्ही वर्गात घोकतो, इथे ते डोळ्यांनी दिसतं.

पुढच्या आई-आज्यांच्या भूमिकांवर मी फार बोलणार नाही. त्यात तोचतोपणा होता, हिंदी सिनेमाला आई म्हणून एकच साचा हवा होता. तरी ‘अभिमान’मधली मावशी आणि ‘बॉबी’तली मिसेस ब्रॅगांझा जवळजवळ ठेवून पाहा. दोन्ही 1973 च्या. एक मराठी वळणाची, दुसरी गोव्याची ख्रिस्ती आजी. त्या गोव्याच्या आजीसाठी कोकणी घरातल्या बाईला फार दूर जावं लागलं नसेल. 1974 च्या ‘बिदाई’साठी फिल्मफेअर मिळालं तेव्हा त्या सत्तरीच्या घरात होत्या. संगीत नाटक अकादमीचा पुरस्कार 1958 मध्ये, पद्मश्री 1968 मध्ये. आणि 1983 चा दादासाहेब फाळके पुरस्कार, म्हणजे ज्यांना तारामतीसाठी बाई मिळाली नव्हती त्यांच्या नावाचा.

अभिनयाबरोबर त्यांनी दुसरी चूलही पेटती ठेवली होती. 1952 पासून लघुपट, माहितीपट, जाहिरातपट काढणारी स्वतःची संस्था. तुमच्या घरच्यांना आठवत असलेली दूरदर्शनवरची ‘वागले की दुनिया’ (1988) ही दुर्गा खोटे प्रॉडक्शन्सचीच. धाकटे हरिन अकाली गेले. त्यांच्या पत्नी विजया, म्हणजे आपल्या विजया मेहता. सासूने पडद्यावर जे केलं, त्या तोलाचं काम सुनेने रंगभूमीवर केलं. शुभा खोटे आणि विजू खोटे ही दुर्गाबाईंचे दीर नंदू खोटे यांची मुलं. 22 सप्टेंबर 1991 रोजी दुर्गाबाई गेल्या.

आता तुझ्यासाठी बघण्याचा क्रम. आधी ‘मुघल-ए-आझम’, कारण तो तुला परका वाटणार नाही. मग ‘अमरज्योती’. शेवटी ‘अयोध्येचा राजा’, आणि तो दोनदा, दुसऱ्यांदा आवाज बंद करून. वहीत फक्त तीन गोष्टी टिपायच्या: ती कधी हलते, कधी पापणी मिटते, आणि दुसरा बोलत असताना ती कुठे बघते. आत्मचरित्र मात्र सिनेमे पाहून झाल्यावर वाच, आधी नको. वही भरली की ‘भाऊबंदकी’ची संहिता घेऊन ये, आनंदीबाईचा प्रवेश आपण मिळून वाचू.